बारा माणसं आणि एकच पेठ
कोल्हापुरात संध्याकाळच्या पायी फेऱ्या सुरू करू पाहणाऱ्या हॉटेलचालक आणि टूरचालक मंडळींना खुले पत्र

सप्रेम नमस्कार, वि. वि.

पत्रास कारण की, देवदर्शन, पन्हाळा आणि रंकाळा उरकला की पाहुण्यांची संध्याकाळ मोकळी राहते. ती भरून काढायला शहरातल्या पॉश भागांतून पायी फेरी न्यावी, असं तुमच्यापैकी अनेकांनी मनावर घेतलंय. विचार उत्तम आहे. कोल्हापूर म्हणजे तांबडा-पांढरा आणि तालीम, एवढंच घेऊन माणसं परत जातात. गावकुसाबाहेर आखीव गल्ल्या टाकून वसवलेलं, बंगल्यांचं आणि शोरूमचं कोल्हापूर त्यांना कुणी दाखवत नाही. आम्ही याच भागांतून माणसं फिरवतो, म्हणून चार गोष्टी स्पष्ट लिहितो.

आमचं म्हणणं थोडक्यात इतकंच: फेरी लहान ठेवा. एका संध्याकाळी एकच पेठ, जास्तीत जास्त बारा माणसं, चालणं दोन किलोमीटरच्या आत. त्याच्या पुढे गेलात की फेरीची मिरवणूक होते, आणि या गावाला मिरवणुकांची कमी नाही.

कार्डावर छापला जाणारा मार्ग साधारण असा असतो: दसरा चौक, व्हीनस कॉर्नर, शाहूपुरी, राजारामपुरी, ताराबाई पार्क, मग जेवण. नकाशावर ही ठिकाणं एकमेकांना खेटून दिसतात. पण शाहूपुरी आणि राजारामपुरीच्या मध्ये रेल्वे आहे, आणि तिच्याखालून जायला परीख पूल. अरुंद बोगदा, दोन्ही तोंडांना रिक्षा आणि दुचाक्या, पायी माणसानं भिंतीला घासून जायचं, आणि एक जोरदार सर आली की आत पाणी तुंबलेलं. तिथून पाहुण्यांची रांग नेली तर पंधरा-वीस मिनिटं जातात, आणि त्या वेळात दाखवण्यासारखं काही नसतं. कुणी म्हणतं, स्टेशनजवळून रूळ ओलांडू, पटकन होईल. रेल्वे कायदा १९८९ च्या कलम १४७ प्रमाणे रुळांवरून असं जाणं हा गुन्हा आहे; सहा महिन्यांपर्यंत कैद, हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पाहुणा अडकला तर उत्तर तुम्हाला द्यावं लागेल.

तेव्हा या तीन फेऱ्या आहेत असं धरा. शाहूपुरीची वेगळी, ताराबाई पार्कची वेगळी, राजारामपुरीची वेगळी. तिन्ही भाग आपापल्या काळात शहराची फॅशन होते. पण तिघांचा उजेड वेगळा आहे, म्हणून वेळही वेगळी.

वेळेबद्दल जरा सविस्तर लिहितो, कारण सगळ्यात जास्त घोळ इथेच होतो. कार्डावर ‘सायंकाळी ५.३०’ असं एकदा छापलं की वर्षभर तेच चालतं. कोल्हापुरात नोव्हेंबरच्या अखेरीस सहाला दोन-तीन मिनिटं कमी असतानाच सूर्य मावळतो. जानेवारीअखेर साडेसहाच्या सुमारास, मेअखेर सातच्या आसपास, जूनअखेर सात-दहाला. म्हणजे हिवाळा आणि उन्हाळा यांत तासाहून जास्त फरक पडतो, आणि सूर्य मावळल्यावर धड दिसण्याजोगा उजेड वीस-पंचवीस मिनिटंच टिकतो. साडेपाचची फेरी नोव्हेंबरात ताराबाई पार्कला पोचेपर्यंत अंधार झालेला असतो आणि मे महिन्यात तीच फेरी तापलेल्या डांबरावरून चालते. घड्याळ बाजूला ठेवा आणि सूर्यास्तापासून उलटं मोजा.

ताराबाई पार्कसाठी सूर्यास्ताच्या सव्वा तास आधी निघा. तिथं बघायचं ते कंपाउंडच्या आत आहे: पोर्च, उतरतं छप्पर, अंगणातली जुनी झाडं. अंधार पडला की भिंतीपलीकडचं काही दिसत नाही, फक्त गेटवरचा दिवा दिसतो. शाहूपुरीला अर्धा तास आधी, म्हणजे व्यापाऱ्यांच्या दुकानांत अजून हिशेब चाललेले असतात आणि शटर खाली आलेली नसतात. राजारामपुरीला मात्र सूर्यास्तालाच सुरुवात करा. तिथली संध्याकाळ पाट्यांच्या उजेडावर चालते. आणि एक युक्ती सांगतो: मुख्य रस्त्यावर पाहुण्यांना पहिल्या मजल्याकडे बघायला लावा. तळमजल्यावर सगळीकडे काच आणि एलईडी आलीय, पण वरच्या मजल्यावर जुनी घरं अजून शिल्लक आहेत, आणि आकाशात थोडा निळा उजेड असताना आत दिवे लागले की ती उठून दिसतात. त्यासाठी हातात वीस मिनिटं असतात. त्या वेळात पाहुणे आईस्क्रीमच्या रांगेत उभे असतील तर गेलीच ती संधी.

आता माणसं. बारा हा आकडा आम्ही हवेतून काढलेला नाही. भारतीय रस्ते काँग्रेसच्या मानकाप्रमाणे फुटपाथ किमान १.८ मीटर मोकळा हवा. तेवढ्यात दोन माणसं शेजारी चालू शकतात. प्रत्यक्षात दुकानाचा उतार, जनरेटर, कुंड्या, डीपी आणि लावलेल्या गाड्या यांतून उरतं ते एका माणसापुरतं. बारा माणसं जोडीनं चालली तर रांग सात-आठ मीटरची होते, एकेरी झाली तर दुप्पट. तेवढी रांग दोन गाड्यांच्या मधल्या मोकळ्या जागेतून एकदम पलीकडे जाते. चोवीस माणसांची रांग हमखास मध्येच तुटते. पुढचे पलीकडे, मागचे अलीकडे, आणि मधले दोघं-तिघं रस्त्याच्या मध्यभागी हात दाखवत. व्हीनस कॉर्नरला किंवा दाभोळकर कॉर्नरला संध्याकाळी सहा ते आठ या वेळात हे करून बघू नका.

दुसरं कारण आवाजाचं. चालू रस्त्यावर माइकशिवाय बोललेलं चार-पाच मीटरपर्यंतच नीट ऐकू जातं. बारा माणसं दोन ओळींत अर्धगोल उभी केली की सगळी त्या टप्प्यात येतात. वीस झाली की कमरेला लावायचा स्पीकर येतो, आणि तिथून बिघडतं. ध्वनिप्रदूषण नियम २००० प्रमाणे रहिवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा आहे. रुग्णालयं, शाळा आणि न्यायालयांभोवती १०० मीटरचं शांतता क्षेत्र असतं. दसरा चौकाला लागून सीपीआर रुग्णालय आहे, हे विसरून तिथं स्पीकर लावणाऱ्यांना काय म्हणावं? लाउडस्पीकरला लेखी परवानगी लागते ती वेगळीच. बंगल्यांच्या गल्लीत माइक घेऊन शिरलात तर दुसऱ्याच दिवशी रहिवाशांचा फोन येतो, आणि त्यांचं चुकत नाही.

फेरीला माणसं दोन हवीत. पुढचा बोलतो, मागचा मोजतो. मागच्याला आम्ही शेपूट म्हणतो, आणि खरं काम त्याचंच. चौक ओलांडताना आधी शेपूट रस्त्यात उतरतो, ज्या बाजूनं गाड्या येतात त्या बाजूला उभा राहतो, मग पुढचा माणसं सोडतो. थांब्यावर पाहुण्यांची पाठ कंपाउंडच्या भिंतीकडे, वाटाड्याचं तोंड उजेडाकडे. वाटाड्याची पाठ रस्त्याला असल्यामुळे गाड्यांवर नजर शेपटानं ठेवायची. फुटपाथ नसेल तिथे रस्त्याच्या उजव्या कडेनं चालायचं, म्हणजे गाड्या समोरून दिसतात. बॅटरीवरच्या स्कूटर आल्यापासून याला फार महत्त्व आलंय. मागून येताना त्यांचा आवाजच येत नाही.

वेळेचा हिशेब असा बसतो. पावणेदोन-दोन किलोमीटर रमतगमत चालायला चाळीस मिनिटं. आठ थांबे, प्रत्येकी सहा मिनिटं, म्हणजे अठ्ठेचाळीस. मध्ये एकदा बसणं, पंचवीस मिनिटं. एकूण दोन तासांना थोडं कमी. यात एक जादा दुकान घुसवलं की शेवटचे दोन थांबे मरतात, आणि शेवटचे थांबे सहसा चांगले असतात.

ताराबाई पार्कची फेरी सगळ्यात देखणी आणि सगळ्यात नाजूक. धैर्यप्रसाद चौकातून सुरू करून पितळी गणपतीच्या बाजूनं आतल्या गल्ल्या घ्याव्यात आणि कावळा नाक्याला संपवावं. शेवट तिथे अशासाठी की रिक्षा मिळतात. बारा पाहुण्यांना चार रिक्षा लागतात, त्या आधी सांगून ठेवाव्या. नाक्यावर ताराराणींचा पुतळा आहे, मागच्या पायांवर उसळलेल्या घोड्यावरचा. तो बघण्यासाठी मधल्या बेटावर जाऊ नका. चारी बाजूंनी शहरात शिरणारी वाहतूक आहे. कडेला उभं राहूनच तो चांगला दिसतो.

या फेरीत कुणाच्या गेटासमोर थांबायचं नाही. दोन गेटांच्या मधल्या भिंतीशी थांबा. घरात म्हातारी माणसं व्हरांड्यात बसलेली असतात, कुणाची देवाजवळ दिवा लावायची वेळ असते. फोन डोक्यावर धरून भिंतीपलीकडचा फोटो काढायला पाहुण्यांना निघण्याआधीच मनाई करा. तिथं पोचल्यावर सांगितलं तर अर्ध्यांनी काढलेला असतो. गल्लीतल्या वॉचमनना आदल्या दिवशी भेटून या, किती वाजता किती माणसं येणार ते सांगा. आणि ‘हा अमुक साहेबांचा बंगला’ हे बंद करा. कोल्हापूरकराला राजकारणाची चव जरा जास्तच, वाटाड्याची जीभ तिथं हमखास घसरते. पण कोण कुठे राहतं हे बारा अनोळखी लोकांना सांगणं हे वाटाड्याचं काम नाही. घर कधीचं, छप्पर कसलं, जिना बाहेरून का, हे सांगा. पाहुण्यांच्या हातात खायचं काही देऊ नका, गल्लीतली कुत्री मागे लागतात, आणि एक मागे लागलं की चार येतात.

शाहूपुरी आणि राजारामपुरीत अडचण रस्त्यापेक्षा वाटाड्याच्या तोंडी असते. चुकीचा इतिहास बिनधास्त सांगितला जातो. निदान एवढं पाठ असू द्या. कोल्हापूरला रेल्वे आली १८९१ मध्ये. शाहू महाराजांनी कारभार हाती घेतला १८९४ मध्ये, आणि १८९५ मध्ये स्टेशनाजवळ शाहूपुरी वसवली, गुळाच्या व्यापारासाठी. पेठ स्टेशनाला लागून का, याचं उत्तर त्यातच आहे: गुळाच्या ढेपा बैलगाडीतून उतरवायच्या आणि रेल्वेनं पाठवायच्या. पुढे गुळाचा सौदा मार्केट यार्डात गेला, पण आखीव गल्ल्या आणि त्यांचे क्रमांक राहिले. दसरा चौकाभोवतीची बोर्डिंगं हीसुद्धा याच गोष्टीची दुसरी बाजू. १९०१ पासून महाराजांनी वेगवेगळ्या जातीधर्मांच्या मुलांसाठी वसतिगृहं उभी केली, त्यांतली काही तुम्ही उभे असता त्या चौकातच आहेत. इकडे पेठ, तिकडे बोर्डिंग, मध्ये दसऱ्याचं मैदान, असं एकत्र दाखवलं तर पाहुण्याला हे शहर कुणी आणि कशासाठी आखलं ते कळतं.

राजारामपुरीतला राजाराम कोणता, हा प्रश्न पुण्याचे पाहुणे विचारतातच. ताराराणींचे पती छत्रपती राजाराम १७०० मध्ये वारले. ते हे नव्हेत. १८७० मध्ये इटलीत फ्लॉरेन्सला वारलेले कोल्हापूरचे राजाराम महाराज, तेही नव्हेत. ही पेठ शाहू महाराजांच्या चिरंजीवांच्या नावाची, ज्यांनी १९२२ ते १९४० राज्य केलं. एकाच संध्याकाळी तिघांची गल्लत करणारे वाटाडे आहेत, म्हणून लिहिलं.

राजारामपुरीत पत्ता गल्लीच्या क्रमांकानं चालतो. पाहुण्यांना निघतानाच सांगून टाका: चुकलात तर जिथे आहात तिथल्या दुकानात ‘ही कितवी गल्ली’ एवढं विचारा आणि फोन करा. जनता बाजाराकडून मुख्य रस्त्यानं मारुती मंदिराकडे जावं आणि परतताना आतल्या गल्लीनं यावं. मुख्य रस्त्यावर जाताना-येताना दोन्ही वेळा चालवलंत तर पाहुण्यांना फक्त शोरूम आठवतात. १९६२ मध्ये शिवाजी विद्यापीठ झालं, पुढे क्लास आले, होस्टेलं आली, त्यांच्या मागोमाग कॅफे आले; ते आतल्या गल्ल्यांतच नीट दिसतं.

गणेश चतुर्थीच्या दिवशी इथे फेरी ठेवू नका. आगमनाच्या मिरवणुकीत मुख्य रस्त्यावर शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही. दसऱ्याच्या संध्याकाळी शाहूपुरीची फेरीही नको. दसरा चौकात शाही सोहळा असतो, तो स्वतंत्रपणे दाखवण्याची गोष्ट आहे.

खाण्याबद्दल थोडक्यात. बसण्याची जागा एकच, आधी सांगून ठेवलेली, जिथे स्वच्छतागृह आहे. बायकांसाठी आणि वयस्कांसाठी ही गोष्ट खाण्यापेक्षा महत्त्वाची, आणि शहरात चालताना हमखास मिळेल असं दुसरं ठिकाण नसतं. भेळ किंवा दूध कोल्ड्रिंक पुरे. कॉकटेल आईस्क्रीमचा पूर्ण ग्लास घेतला की पाहुणा उठत नाही. दोघांत एक सांगा. तांबडा-पांढरा फेरीनंतर, साडेआठला. आधी दिलात तर चालणं संपलं म्हणून समजा.

पायताणाबद्दल सांगितलंच पाहिजे. २०२५ मध्ये मिलानच्या फॅशन शोवरून गाजावाजा झाल्यापासून पाहुणे सकाळी चप्पल लाईनला जाऊन कोल्हापुरी घेतात आणि संध्याकाळी तीच घालून येतात. नवी कोल्हापुरी चावते. कातडं कडक असतं. अंगठा आणि पट्टा जिथे घासतो तिथे किलोमीटरभरात फोड येतो. तेल लावून, घरात थोडी थोडी वापरून ती सैल करावी लागते, आणि ओली झाली तर तळ फुगतो. बुकिंग घेतानाच सांगा: बूट किंवा जुनी चप्पल. शेपटाच्या पिशवीत पट्ट्या, कापूस आणि जंतुनाशक असू द्या. एक बॅटरीही, जमिनीकडे धरायची. उघडी झाकणं आणि तुटलेल्या फरश्या दुकानांच्या झगमगाटात उलट कमी दिसतात.

पावसाळ्यात या फेऱ्या बंदच ठेवाव्यात असं आम्हाला वाटत नाही, पण राजाराम बंधाऱ्यावरची पंचगंगेची पातळी दुपारी बघितल्याशिवाय बुकिंग पक्कं करू नका. ३९ फूट ही इशारा पातळी, ४३ फूट धोका पातळी. नदी फुगली की शहरातून वाहणाऱ्या जयंती नाल्याचं पाणी नदीत न जाता मागे तुंबतं, आणि शहराचा हा पॉश भाग, म्हणजे नागाळा पार्क, व्हीनस कॉर्नर, शाहूपुरीचा काही भाग, आधी ओला होतो. २०१९ आणि २०२१ मध्ये सगळ्यांनी ते पाहिलंय. पातळी ३९ च्या वर गेली की आम्ही या बाजूच्या फेऱ्या रद्द करतो आणि पैसे परत देतो. राजारामपुरीची फेरी त्या दिवसांत चालू शकते, पण पाहुण्यांना तिथपर्यंत परीख पुलाखालून न नेता रिक्षानं वळसा घालून न्या.

शेवटी पैशाचं. दुकानांकडून कमिशन घेऊ नका. हे आम्ही नीतीचे धडे द्यायला सांगत नाही. कमिशन आलं की मार्ग त्या दुकानाकडे वळतो, तिथला थांबा सहाऐवजी वीस मिनिटांचा होतो, आणि उजेडाचा सगळा हिशेब कोलमडतो. माणशी दर आधी ठरवा, त्यातच बसण्याच्या जागेचं बिल आणि दोन वाटाड्यांचा मेहनताना धरा. बारापेक्षा जास्त मागणी आली तर पंधरा मिनिटांच्या अंतरानं दुसरी तुकडी सोडा, पण थांब्यांचा क्रम उलटा ठेवून, म्हणजे दोन्ही तुकड्या एकाच वेळी एका भिंतीशी उभ्या राहणार नाहीत.

ज्यांना तिन्ही मार्ग प्रत्यक्ष चालून बघायचे असतील त्यांनी आपल्या माणसांपैकी दोघांना पाठवावं, एक बोलणारा आणि एक शेपूट. दिवाळीनंतरचा आठवडा सोयीचा. हंगाम तिथूनच चढतो. सोबत आपलं छापायचं कार्ड आणावं. वेळेची जागा कोरी सोडलेली असली तर बरं.

आपले,
कोल्हापुरात संध्याकाळच्या फेऱ्या नेणारे काही वाटाडे